दुर्गा खोटे

दुर्गा खोटे (जन्म : मुंबई, १४ जानेवारी १९०५, मृत्यू : २२ सप्टेंबर १९९१) या मराठी व हिंदी चित्रपटांतील तसेच मराठी रंगभूमीवरील अभिनेत्री होत्या. कोणत्याही एका चित्रसंस्थेशी कायमच्या न बांधल्या गेलेल्या पहिल्या पिढीतील कलावंतांत त्यांची गणना होते.

प्रारंभीचे जीवन
दुर्गाबाईंचे माहेरचे आडनाव लाड. त्यांचे वडील पांडुरंगराव लाड सॉलिसिटर होते. दुर्गाबाईंचे शिक्षण मुंबईत सेंट झेवियर्स महाविद्यालयापर्यंत झाले. विवाहानंतर काही वर्षांनी सासरची आर्थिक स्थिती खालावली. पुढे त्यांना ऐन तारुण्यात वैधव्य आले आणि दोन मुलांची जबाबदारी त्यांच्यावर पडली. सुशिक्षित घराण्यातील स्त्रीने चित्रपटात काम करणे त्या काळी कमीपणाचे मानले जाई. त्यामुळे ‘फरेबी जाल’ (१९३१) या पहिल्या चित्रपटातील छोट्या भूमिकेवरूनही त्यांना टीका सोसावी लागली.

चित्रपट कारकीर्द
व्ही. शांताराम दिग्दर्शित ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) या ‘प्रभात’च्या पहिल्या बोलपटातील तारामतीच्या भूमिकेने त्यांना प्रतिष्ठा मिळवून दिली. त्या काळी नट-नटी बहुधा एकाच संस्थेचे मासिक पगारी नोकर असत. दुर्गाबाईंनी मात्र ‘प्रभात’बाहेरही कामे स्वीकारली. कोलकात्यात देवकी बोस यांच्या दिग्दर्शनाखाली त्यांनी ‘राजरानी मीरा’ (१९३३) आणि ‘सीता’ (१९३४) हे चित्रपट केले. त्यानंतर पुण्यात ‘प्रभात’च्या ‘अमरज्योती’ (१९३६) मध्ये त्यांनी अन्यायाविरुद्ध बंड करणारी सागरी चाचे सौदामिनी साकारली. १९३७ मध्ये ‘साथी’ची निर्मिती व दिग्दर्शन करून त्या कॅमेऱ्यामागेही उभ्या राहिल्या. ‘भरत मिलाप’ (१९४२) मधील कैकेयी व ‘मुघल-ए-आझम’ (१९६०) मधील जोधाबाई या त्यांच्या गाजलेल्या भूमिका होत.

रंगभूमी
मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाट्यचळवळीत त्यांचा सक्रिय सहभाग होता. ‘भाऊबंदकी’ तसेच शेक्सपिअरच्या ‘मॅक्बेथ’वरून वि. वा. शिरवाडकर यांनी लिहिलेले ‘राजमुकुट’ या नाटकांत त्यांनी भूमिका केल्या. चित्रपटांत नाव झाल्यावरही त्यांनी रंगभूमी सोडली नाही.

उत्तरायुष्य व सन्मान
पुढे त्यांनी लघुपट व जाहिरातपटांची निर्मिती केली. त्यांच्या निर्मितिसंस्थेने दूरदर्शनसाठी ‘वागले की दुनिया’ ही मालिका तयार केली. ‘मी, दुर्गा खोटे’ हे त्यांचे आत्मचरित्र प्रसिद्ध आहे. त्यांना संगीत नाटक अकादमी पुरस्कार (१९५८), पद्मश्री (१९६८), ‘बिदाई’ (१९७४) साठी फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार आणि १९८३ चा दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. अर्थार्जनाची गरज म्हणून सुरू झालेल्या त्यांच्या कारकिर्दीने सुशिक्षित घरांतील मुलींसाठी चित्रपटसृष्टीची वाट सुकर केली.