फादर थॉमस स्टीफन्स : प्राचीन वक्तृत्वशास्त्र आणि मराठी ओवी

मराठी ख्रिस्ती साहित्याचा विषय निघाला म्हणजे फादर थॉमस स्टीफन्स ह्यांचे नाव प्रथम घेतले जाते आणि बहुधा तेथेच विषय संपतो. इंग्लंडचे एक धर्मगुरू गोव्यात आले, मराठी शिकले आणि त्यांनी ‘ख्रिस्तपुराण’ रचले, ह्या कौतुकापलीकडे आपण सहसा जात नाही. परकीय माणसाने आपल्या भाषेत लिहिले एवढ्यावरच समाधान मानले, तर फादरांवर अन्याय होतो, असे आमचे मत आहे. येशूसंघाच्या ज्या विद्येत ते वाढले, तिचा पाया ग्रीक-रोमन वक्तृत्वशास्त्राचा होता. त्या विद्येचे त्यांनी साष्टीच्या मातीत काय केले, हे पाहिल्याशिवाय त्यांचे खरे मोठेपण लक्षात येत नाही.

फादरांचा जन्म इंग्लंडमधील विल्टशायर परगण्यातील बुश्टन येथे १५४९ च्या सुमारास झाला. राणी एलिझाबेथ पहिली हिच्या राजवटीत कॅथलिक श्रद्धा उघडपणे पाळणे अवघड होऊन बसले होते. थॉमस पाउंड नावाच्या मित्राबरोबर रोमला जाऊन येशूसंघात प्रवेश करावा, असा त्यांचा बेत होता. परंतु पाउंड पकडले गेले आणि त्यांच्या आयुष्याची कितीतरी वर्षे तुरुंगात गेली. स्टीफन्स एकटेच रोमला पोहोचले आणि २० ऑक्टोबर १५७५ रोजी येशूसंघात दाखल झाले. ४ एप्रिल १५७९ रोजी त्यांनी लिस्बनहून गलबत धरले आणि २४ ऑक्टोबर रोजी ते गोव्याच्या किनाऱ्याला लागले. भारतात कायम वास्तव्य केलेले पहिले ज्ञात इंग्रज तेच. प्रवासाचा वृत्तांत त्यांनी १० नोव्हेंबरच्या पत्राने वडिलांना कळविला आणि हे पत्र पुढे १५८९ साली इंग्लंडमध्ये हॅक्लुट ह्यांच्या प्रवाससंग्रहात छापले गेले.

येशूसंघाच्या विद्यालयांत त्या काळी वक्तृत्वशास्त्राला फार वरचे स्थान होते. अ‍ॅरिस्टॉटल, सिसेरो व क्विंटिलियन ह्यांचे सिद्धान्त एकत्र करून येशूसंघीय सिप्रियानो सुआरेझ ह्यांनी रचलेले पाठ्यपुस्तक १५६२ पासून विद्यार्थ्यांच्या हाती होते. हे शास्त्र म्हणजे व्यासपीठावर हातवारे कसे करावेत ह्याचे शिक्षण नव्हे. विषय कसा शोधावा, त्याची मांडणी कशी करावी, त्याला योग्य शब्द कसे द्यावेत, तो स्मरणात कसा ठेवावा आणि लोकांपुढे कसा सादर करावा, अशी त्याची पाच अंगे. ह्या सर्वांच्या मुळाशी एकच प्रश्न असे : समोर कोण बसले आहे? श्रोत्यांना शिकवणे, रिझवणे आणि कृतीला प्रवृत्त करणे ही वक्त्याची तीन कर्तव्ये सिसेरोने सांगितली होती.

ही विद्या मूळची ख्रिस्ती नव्हे. रोमच्या न्यायसभांत आणि अथेन्सच्या शाळांत ती वाढली, आणि आरंभीच्या ख्रिस्तसभेला तिची ओढही होती आणि धास्तीही. सिसेरोच्या गोडीपायी आपण ख्रिस्ताला दुरावलो की काय, ह्या भयाने संत जेरोम ह्यांना स्वप्नात घाम फुटला होता. संत ऑगस्टीन ३८४ पासून मिलान शहरात वक्तृत्वशास्त्राचे अध्यापक होते. परिवर्तनानंतर त्यांनी ते पद सोडले. परंतु पद सोडले म्हणून विद्या सोडली असे झाले नाही. धर्मशिक्षणावरील आपल्या ग्रंथाचा चौथा भाग त्यांनी वृद्धापकाळी, ४२६ च्या सुमारास पूर्ण केला आणि सिसेरोची तीच तीन कर्तव्ये ख्रिस्ती प्रवचनकारापुढे ठेवली. असत्याच्या हाती शस्त्र असताना सत्याने निःशस्त्र का राहावे, असा त्यांच्या विवेचनाचा रोख आहे.

त्याहीपूर्वी, ३३० च्या सुमारास, स्पेनमधील युवेन्कस नावाच्या धर्मगुरूंनी व्हर्जिलच्या वृत्तात शुभवर्तमानाचे तीन हजारांहून अधिक ओळींचे महाकाव्य रचले होते. ३६२ साली सम्राट ज्युलियन ह्याने ख्रिस्ती शिक्षकांना प्राचीन ग्रंथ शिकविण्यास मनाई केली. तेव्हा सीरियातील अपोलिनारिस पितापुत्रांनी बायबलच्या कथा होमरच्या धर्तीवर आणि प्लेटोच्या संवादांच्या धर्तीवर नव्याने लिहून काढल्या. ज्युलियनच्या मनाईत ग्रंथ हिरावले गेले होते ते ख्रिस्ती शिक्षकांकडून, हे येथे लक्षात ठेवावे. कारण बाराशे वर्षांनंतर गोव्यात पारडे उलटलेले होते.

फादर स्टीफन्स ह्यांचे जवळजवळ चाळीस वर्षांचे सेवाकार्य मुख्यतः साष्टीत झाले. ही साष्टी म्हणजे दक्षिण गोव्यातील मडगाव-राचोलचा प्रदेश. मुंबई-ठाण्याजवळची साष्टी नव्हे. पोर्तुगीज सत्तेने १५६७ साली येथील देवळे पाडली होती आणि लोकांची पुराणे, त्यांचे जुने ग्रंथ ह्यांवर बंदी आणली होती. जुलै १५८३ मध्ये कुंकळ्ळी येथे फादर रुडॉल्फ आक्वाविवा ह्यांच्यासह पाच येशूसंघीय मारले गेले. पुढे गावच्या प्रमुखांना असोळणेच्या किल्ल्यात बोलावून पोर्तुगीजांनी त्यांची हत्या केली. हुतात्म्यांचे स्मरण आपण करतो, ते योग्यच आहे. परंतु ह्या दुसऱ्या घटनेचा उल्लेख आपल्या प्रवचनांत क्वचितच येतो. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये फादरांनी आपला भाऊ रिचर्ड ह्यांना लॅटिनमध्ये पत्र लिहिले. येथील भाषांची रचना ग्रीक व लॅटिनशी जुळते, हे निरीक्षण त्यात आहे. सर विल्यम जोन्स ह्यांच्या प्रसिद्ध व्याख्यानाच्या दोनशे वर्षे आधीचे हे निरीक्षण! त्याच सुमारास गोव्याच्या तुरुंगात अडकलेल्या न्यूबेरी, फिच प्रभृती इंग्रज व्यापाऱ्यांना जामिनावर सोडविण्यासाठीही फादरांनी खटपट केली.

‘ख्रिस्तपुराण’ १६१६ साली राचोल येथे रोमन लिपीत छापले गेले. पहिला भाग जुन्या कराराच्या कथेचा, दुसरा प्रभू येशूच्या चरित्राचा. मिळून ९५ अवस्वरू, म्हणजे अध्याय, आणि सुमारे अकरा हजार ओव्या. ग्रंथाची चौकट पाहावी. नवख्रिस्ती झालेला एक ब्राह्मण पाद्रीगुरूंना विचारतो की, आमची पूर्वीची पुराणे तुम्ही बंद केलीत, तर त्यांच्या जागी आम्हांला दुसरे काही का देत नाही? प्रश्न श्रोत्याच्या तोंडी घालायचा आणि त्याचे उत्तर म्हणून संपूर्ण ग्रंथ उभा करायचा, ही वक्तृत्वशास्त्राची जुनी युक्ती आहे. आपल्या पुराणांतील वक्ता-श्रोता संवादाचीही तीच रीत आहे. दोन परंपरा येथे अशा बेमालूम मिसळतात की सांधा दिसत नाही. परंतु तो प्रश्न केवळ युक्ती नव्हे. साष्टीच्या घराघरांत रात्री जे वाचले आणि गायिले जात होते ते गप्प झाले होते, आणि ज्यांनी ते गप्प केले त्यांच्याच बाजूचा एक माणूस ती तक्रार आपल्या ग्रंथाच्या दाराशी लिहून ठेवतो, ह्याला धैर्य लागते.

आरंभीची मराठीची स्तुती तर शाळेतील मुलांनाही ठाऊक असते. फुलांमध्ये मोगरा, सुगंधांमध्ये कस्तुरी, पक्ष्यांमध्ये मोर अशा उपमांची माळ फादर एकामागून एक ओवतात. आपल्या साहित्यशास्त्रात हिला मालोपमा म्हणावे. रोमच्या शाळेत हीच स्तुतिपर भाषणाची रीत म्हणून शिकवली जाई. ज्ञानेश्वरांनी मराठीचा जो अभिमान गायिला, त्याच वाटेने हे शब्द चालतात. आम्हांला मात्र त्याहून मोलाचा वाटतो तो फादरांचा साधा खुलासा : शुद्ध मराठी पुष्कळांना उमगणार नाही म्हणून आपण येथल्या ब्राह्मणी भाषेचे, म्हणजे कोकणीचे, सोपे शब्द तिच्यात मिसळले आहेत. समोर कोण बसले आहे, ह्या जुन्या प्रश्नाचे हे उत्तर आहे. छंदही त्यांनी ओवीचाच घेतला : तीन चरणांना यमक आणि चौथा आखूड. स्वर्गाला वैकुंठ म्हणताना त्यांची लेखणी अडखळली नाही. युवेन्कस ह्यांनी व्हर्जिलचे वृत्त उचलले, त्याच जातीचे हे काम.

एक गोष्ट स्पष्ट म्हटली पाहिजे. फादर स्टीफन्स हे त्या सत्तेच्या छत्राखालीच काम करीत होते; पुराणांची बंदी उठवा, असे त्यांचे पुराण म्हणत नाही. रिकाम्या केलेल्या जागेत त्यांनी आपला ग्रंथ ठेवला. तथापि ऐकणाऱ्याला पटवावे लागते, त्याला रिझवावे लागते, ही वक्तृत्वशास्त्राची मूळ धारणाच आहे. ज्याला हुकूमच द्यायचा आहे त्याला अकरा हजार ओव्यांची गरज पडत नाही. ह्या दृष्टीने पाहता त्यांच्या ग्रंथाने आपल्याच काळाच्या रीतीला मूकपणे छेद दिला, असे आम्हांला वाटते.

१६१९ साली फादर गोव्यातच निवर्तले. त्यांची प्रश्नोत्तररूप ‘दौत्रिना’ १६२२ मध्ये आणि कोकणीचे व्याकरण, फादर दिओगो रिबेरो ह्यांच्या भरीसह, १६४० मध्ये राचोल येथेच छापले गेले. भारतीय भाषेचे हे पहिले मुद्रित व्याकरण मानले जाते. पुराणाच्या १६४९ व १६५४ साली आणखी दोन आवृत्त्या निघाल्या. मग २७ जून १६८४ रोजी व्हाइसरॉयने फर्मान काढले की, लोकांनी तीन वर्षांत स्थानिक भाषा सोडून पोर्तुगीज बोलावी. एकेकाळी लोकांच्या भाषेसाठी झटणारी छापखान्याची परंपराही त्यानंतर क्षीण झाली.

ग्रंथ वाचला तो हातांनी केलेल्या नकलांमुळे. गोवा सोडून कर्नाटक किनाऱ्यावर गेलेल्या ख्रिस्ती कुटुंबांत त्या जपल्या गेल्या, वाचल्या गेल्या. त्यांच्या आधारे जोसेफ सालढाणा ह्यांनी १९०७ साली मंगळूर येथे रोमन लिपीतील आवृत्ती काढली. १९२० च्या दशकात जस्टिन अ‍ॅबट ह्यांनी लंडनच्या मार्सडेन संग्रहातील देवनागरी हस्तलिखित उजेडात आणले. छापील देवनागरीत हे पुराण मराठी वाचकांपुढे आले ते आपल्या पुण्यातून : शांताराम बंडेलू ह्यांनी संपादिलेली आवृत्ती प्रसाद प्रकाशनाने १९५६ साली प्रसिद्ध केली. त्यानंतर फादर कॅरिदाद द्रागो ह्यांची आवृत्ती १९९६ मध्ये मुंबईच्या पॉप्युलर प्रकाशनाने काढली. राचोलच्या छापखान्यातून निघालेल्या १६१६ च्या मूळ आवृत्तीची मात्र एकही प्रत आज उपलब्ध नाही.