एका शब्दाचे दोन अर्थ आणि दादा कोंडके



'एका शब्दाचे दोन अर्थ' हा घटक आपण दरवर्षी घेतो. कर म्हणजे हात, कर म्हणजे घरपट्टीसुद्धा. पालक सभेत हा घटक निघाला तेव्हा एका पालकांनी हसत दादा कोंडक्यांचं नाव काढलं आणि मी पटकन विषय बदलला. घरी आल्यावर वाटलं, का बदलला? म्हणून हे लिहितेय.

कृष्णा कोंडके यांचा जन्म ८ ऑगस्ट १९३२ चा, मुंबईतल्या नायगावचा. घर गिरणी कामगाराचं. अपना बाजारात नोकरी, बँडमध्ये वाजवणं आणि सेवा दलाचं कलापथक, यातून ते घडले. मग स्वतःचा फड उभा केला. वसंत सबनीसांनी लिहिलेल्या 'विच्छा माझी पुरी करा' या लोकनाट्याचे दीड हजारांवर प्रयोग झाले. त्यातला हवालदार दादांचा. बघा, संहिता एकच, पण प्रयोग रोज नवा! ज्या गावात प्रयोग त्या गावातलं, सकाळच्या पेपरातलं काहीतरी घालून दादा राज्यकर्त्यांना टोमणे मारायचे. ऐनवेळी सुचलेलं बोलायचं आणि पुढं जायचं.

भालजी पेंढारकरांच्या 'तांबडी माती'तून (१९६९) ते सिनेमात आले. खरी उडी १९७१ ची. 'सोंगाड्या' त्यांनी स्वतः पैसा घालून काढला. आईच्या धाकातला भोळा नाम्या तमाशा बघायला जातो आणि तिथंच गुंततो, एवढीच गोष्ट. दादरच्या कोहिनूर थिएटरमध्ये त्याच्याऐवजी हिंदी सिनेमा लावायचं ठरलं, तेव्हा बाळासाहेब ठाकरे दादांच्या पाठीशी उभे राहिले. सिनेमा लागला आणि तुफान चालला.

पण पडद्यावर अडचण वेगळी असते. तिथं शब्द रोज बदलता येत नाही, आणि आधी सेन्सॉर बोर्डासमोर जावं लागतं. मग दादांनी असं वाक्य शोधलं, की कागदावर साधं दिसेल आणि थिएटरात हशा पिकेल. दुसरा अर्थ ऐकणाऱ्याच्या डोक्यात! सिनेमांच्या नावांपासूनच हा खेळ सुरू व्हायचा. त्यांचे ओळीनं नऊ सिनेमे रौप्यमहोत्सवी झाले, त्याची गिनीज बुकात नोंद आहे.

मला सगळंच आवडतं असं नाही हं. पुढच्या सिनेमांत राज्यकर्ते मागं पडले आणि विनोद बाईच्या अंगावर येऊन थांबला. लोकनाट्यातला तो हवालदार जास्त धीट होता, असं मला वाटतं. तरी १९७५ चा 'पांडू हवालदार' बघा. दिग्दर्शक म्हणून दादांचा तो पहिलाच सिनेमा.

१४ मार्च १९९८ ला दादा गेले. आपल्या अणदूरला खंडोबाच्या यात्रेत बंदोबस्ताचा पोलीस दिसला, की पोरं अजून हळूच 'पांडू' म्हणतात. त्यातल्या एकानंही तो सिनेमा पाहिलेला नसतो.