घड्याळाला लोंबकळणारा माणूस

मूकपटांतील विनोद म्हटला की चार्ली चॅप्लिन आठवतो. माझेही तसेच होते. पण ‘सेफ्टी लास्ट’ (१९२३) पाहिला आणि गोल चष्म्यातला एक साधासुधा तरुण मनात घर करून बसला. तो हॅरल्ड लॉइड.

२० एप्रिल १८९३ रोजी अमेरिकेतील नेब्रास्का राज्यात बरचर्ड या लहान गावी त्याचा जन्म झाला. वडिलांचा कशातच जम बसेना, त्यामुळे बिऱ्हाड सारखे गावोगाव हलायचे. हॅरल्ड सिनेमात शिरला तो किरकोळ कामे करीत. आधी त्याने चॅप्लिनच्या वळणाची सोंगे केली. १९१७ साली बिनकाचेचा चष्मा चढवला, तेव्हा कुठे त्याला स्वतःचा चेहरा सापडला.

ऑगस्ट १९१९ मध्ये छायाचित्रासाठी त्याने हातात एक बाँब धरला. तो खोटा आहे असे सर्वांना वाटले होते, तो फुटला. उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी गेली. काही काळ डोळ्यांनी दिसेनासेही झाले. बरा होताच तो विशेष हातमोजा घालून पुन्हा कामाला लागला.

‘सेफ्टी लास्ट’चा नायक मोठ्या दुकानातला गुमास्ता आहे. उशीर झाला की तो पुतळा बनून आत शिरतो. गावाकडच्या प्रेयसीला मात्र आपण मोठ्या हुद्द्यावर असल्याचे भासवतो. ती अचानक दुकानात येते तेव्हा त्याची जी तारांबळ उडते, तिला हसता हसता माझ्या पोटात गोळा आला. अखेर हजार डॉलरच्या आशेने त्याला इमारतीवर चढावे लागते, आणि तो घड्याळाच्या काट्याला लोंबकळतो.

हा प्रसंग गच्चीवर उभारलेल्या भिंतीवर, खाली गाद्या अंथरून चित्रित झाला, आणि दूरच्या दृश्यांत दुसराच माणूस होता, हे कळल्यावर मी थोडा हिरमुसलो. मग तो हात आठवला. काटा धरणाऱ्या त्या हाताला दोन बोटे नव्हती, आणि पडद्यावर ते कुणाला कळत नव्हते.

१९५३ साली त्याला विशेष ऑस्कर मिळाले. ८ मार्च १९७१ रोजी तो वारला.

पदवी घेऊन आम्हीही उद्या अर्ज लिहीत हिंडणार. मुलाखतीला उसना कोट घालणार, घरच्या पत्रात पगार थोडा वाढवून सांगणार. तेव्हा या गुमास्त्याला हसण्याचा हक्क मला उरेल का, कोण जाणे. पण तो हातमोजा मात्र आठवेल.