श्रमांचा चित्रकार : हम्फ्रे जेनिंग्ज

रणवीरांची चरित्रे आपण आवडीने वाचतो. परंतु युद्धाच्या धामधुमीत आपले नित्याचे काम न सोडणाऱ्या सामान्य स्त्रीपुरुषांचे चित्रण ज्यांनी केले, त्या हम्फ्रे जेनिंग्ज या इंग्रज अनुबोधपटकाराचा अल्प परिचय आम्ही ज्ञातिबंधुभगिनींस सादर करीत आहोत.

जेनिंग्ज यांचा जन्म १९ ऑगस्ट १९०७ रोजी सफोक परगण्यातील वॉल्बर्सविक या गावी झाला. केंब्रिज येथे इंग्रजी साहित्यात त्यांनी उज्ज्वल यश संपादिले. चित्रकला व काव्य यांचाही त्यांना व्यासंग होता. १९३४ साली ते ब्रिटिश टपाल खात्याच्या चित्रपट विभागात दाखल झाले. पोलाद, कापड व कोळसा या धंद्यांतील कामगार आपला फावला वेळ कसा घालवितात, यावर १९३९ साली त्यांनी एक अनुबोधपट काढला. सुशिक्षितांची दृष्टी सहसा जेथे वळत नाही, तेथे ती वळली.

पुढे महायुद्ध आले. 'लिसन टु ब्रिटन' (१९४२) हा पट त्यांनी स्टुअर्ट मॅकॅलिस्टर यांच्या साह्याने केला. त्यात निवेदन नाहीच. यंत्रांची घरघर, आगगाडीचा आवाज आणि कारखान्यातील स्त्रियांचे गाणे हेच बोलतात. 'फायर्स वेअर स्टार्टेड' (१९४३) मध्ये धंदेवाईक नट नसून खरे अग्निशामक जवान आहेत. दिवसभर ते बंबाची निगा राखतात, नव्या सोबत्यास काम दाखवितात. रात्री गोदीजवळची वखार पेटते आणि एक जवान प्राणास मुकतो. दारूगोळ्याचे जहाज मात्र सुखरूप निघते. कर्तव्य संकटसमयी अकस्मात उपजत नाही. ते रोजच्या कामात मुरलेले असावे लागते.

हे चित्रपट सरकारी प्रचारार्थ निघाले, हे आम्ही विसरत नाही. तथापि 'अ डायरी फॉर टिमथी' (१९४५) मध्ये जेनिंग्ज यांनी एक अवघड प्रश्न टाळला नाही. मागील युद्धानंतर खाणकामगारांच्या वाट्यास बेकारी आली होती. आता तरी त्यांना न्याय मिळेल काय? निवेदन लिहिले होते ई. एम. फॉर्स्टर यांनी.

२४ सप्टेंबर १९५० रोजी ग्रीसमधील पोरोस बेटावर चित्रीकरणाची जागा पाहत असता कड्यावरून पडून त्यांचा अंत झाला. वय अवघे ४३ वर्षांचे होते.

संकटात ज्यांच्या श्रमांवर आपण विसंबतो, त्यांचा सुखाच्या दिवसांत विसर पडू नये. एवढा बोध आमच्या तरुणांनी घेतला, तरी हे चरित्रलेखन सार्थकी लागले असे आम्ही समजू.