दशांशाचा लोकशिक्षक : सायमन स्टेविन

दशांश अपूर्णांक असलेले समीकरण समोर आले, की आजही अनेक विद्यार्थ्यांच्या कपाळावर आठ्या पडतात. वास्तविक ०.३क्ष + ०.२५ = १.४५ या समीकरणात भिण्यासारखे काही नाही. दोन्ही बाजूंना १०० ने गुणले, की ३०क्ष + २५ = १४५ असे पूर्णांकांचे साधे समीकरण उरते आणि क्ष = ४ हे उत्तर हाती येते. दशांशांचे गणित म्हणजे पूर्णांकांचेच गणित, हा विचार युरोपातील सामान्य व्यवहारात रुजविण्याचे मोठे श्रेय सायमन स्टेविन याच्याकडे जाते.

स्टेविनचा जन्म १५४८ मध्ये फ्लँडर्समधील ब्रूज येथे झाला. त्याच्या आईवडिलांचा विवाह झालेला नव्हता. तरुणपणी त्याने अँटवर्पमध्ये हिशेबनिसाचे काम केले आणि पुढे ब्रूजच्या महसुली कचेरीत कारकुनी केली. तेथे त्याला रोज अपूर्णांकांशी झुंजावे लागे. एका फ्लेमिश पौंडाचे २० शिलिंग आणि एका शिलिंगाचे १२ ग्रोट होत. लांबी आणि वजनाची मापे तर गावोगावी निराळी. प्रत्येक बेरजेसाठी समच्छेद करावा लागे आणि एका चुकीने व्यापाऱ्याचे नुकसान होई.

१५८१ मध्ये तो लायडेनला स्थायिक झाला. व्याजाचे तक्ते त्या काळी पेढ्यांवर गुपितासारखे जपले जात. स्टेविनने ते १५८२ मध्ये छापून सर्वांसाठी खुले केले. १५८३ मध्ये, पस्तिशीच्या सुमारास, त्याने लायडेन विद्यापीठात नाव नोंदविले.

दोनच वर्षांनी, १५८५ मध्ये, दशमांशांवरील त्याची 'डे थिएंडे' ही छोटीशी पुस्तिका प्रसिद्ध झाली. विद्वानांची लॅटिन बाजूला ठेवून ती त्याने डच भाषेत लिहिली. खगोलज्ञ, भूमापक, कापड व मद्य मोजणारे, टांकसाळीचे अधिकारी आणि व्यापारी यांना त्याने ती अर्पण केली. दशांशाची कल्पना नवी नव्हती. अरबी गणितज्ञ अल्-उक्लिदिसी याने दहाव्या शतकात आणि समरकंदच्या अल्-काशीने पंधराव्या शतकात ती हाताळली होती. स्टेविनचे वैशिष्ट्य हे, की तिचा दैनंदिन उपयोग त्याने पायरीपायरीने शिकविला.

त्याच्या लेखनात दशांशचिन्ह नव्हते. प्रत्येक अंकानंतर वर्तुळात त्याचे स्थान लिहिलेले असे. एककासाठी ०, दशांशासाठी १, शतांशासाठी २. पुस्तिकेतील बेरजेचे उदाहरण आजच्या पद्धतीने मांडले, तर २७.८४७, ३७.६७५ आणि ८७५.७८२ यांची बेरीज ९४१.३०४ येते. हे अंक पूर्णांकांप्रमाणे एकाखाली एक मांडावेत, बेरीज करावी आणि शेवटी स्थान दाखवावे, एवढेच त्याचे सांगणे. समीकरणाला १०० किंवा १००० ने गुणताना आपण तरी दुसरे काय करतो? त्याच वर्षीच्या अंकगणितावरील फ्रेंच ग्रंथात हीच वर्तुळे त्याने अज्ञात राशीचे घात दाखविण्यासाठीही वापरली.

पुढे तो ऑरेंजचा राजपुत्र मॉरिस याचा गणितशिक्षक आणि सल्लागार झाला. १५८६ च्या ग्रंथात त्याने डेल्फ्ट येथील एका प्रयोगाचे वर्णन केले आहे. एकाहून दुसरा दहापट जड असे शिशाचे दोन गोळे त्याने एका मित्रासह तीस फुटांवरून सोडले आणि ते जणू एकाच वेळी खाली पडले. लायडेनमध्ये १६०० साली सुरू झालेल्या अभियंत्यांच्या शाळेचा अभ्यासक्रम त्याने आखला. तिथले शिक्षण लोकभाषेतून दिले जाई. १६२० मध्ये त्याचे निधन झाले.

नाणी, वजने आणि मापेही दहाच्या पटीत असावीत, असा त्याचा आग्रह होता. तो त्याच्या हयातीत फळला नाही. फ्रान्सने १७९५ मध्ये मेट्रिक मापांचा कायदा केला. भारतात १६ आणे, ६४ पैसे आणि १९२ पै यांचा रुपया १ एप्रिल १९५७ रोजी शंभर नव्या पैशांचा झाला. ज्यांनी आणे-पैचे हिशेब केले होते, त्यांना या बदलाचे मोल वेगळे सांगावे लागले नसेल. किराणा दुकानातील पावतीपासून शाळेतील समीकरणापर्यंत आपण जी सुलभता गृहीत धरतो, तिच्यामागे ब्रूजच्या या कारकुनाचे ऋण आहे.