बाहुल्यांचा जादूगार : इवो काप्रिनो

तेव्हा अवघ्या चाळीस लाख लोकसंख्येच्या नॉर्वेत एका बाहुलीपटाची अनेक दशकांत मिळून ५५ लाखांच्या आसपास तिकिटे विकली गेली. १९७५ साली प्रदर्शित झालेल्या त्या चित्रपटाचे नाव 'फ्लोक्लिपा ग्रां प्री' आणि त्याचे दिग्दर्शक इवो काप्रिनो. या अपूर्व यशाची मुळे मात्र एका फसलेल्या दूरचित्रवाणी कार्यक्रमात होती.

काप्रिनो यांचा जन्म १७ फेब्रुवारी १९२० रोजी ऑस्लो येथे झाला. वडील मूळचे इटलीचे. फर्निचरचे आरेखन हा त्यांचा व्यवसाय. आई इंगेबोर्ग गुडे या चित्रकार, नामवंत निसर्गचित्रकार हान्स गुडे यांची नात. चाळीसच्या दशकात आईला बाहुलीनाट्यासाठी बाहुल्या घडविण्यात मदत करीत असतानाच या बाहुल्या पडद्यावर आणण्याची कल्पना त्यांना सुचली आणि १९४९ मध्ये 'टिम ओग टोफे' हा लघुपट साकारला. बाहुल्यांच्या हालचाली प्रत्यक्ष चित्रीकरणाच्या वेळीच नियंत्रित करणारी यंत्रणाही त्यांनी स्वतःच शोधून काढली. प्रेक्षकांना या तंत्राचे मोठे कुतूहल होते. पुढे एकेक चौकट टिपण्याची रूढ पद्धत स्वीकारल्यावरही काप्रिनो यांनी ते गूढ जपले.

१९५२ मध्ये त्यांच्या एका लोककथेवरील लघुपटाला व्हेनिस महोत्सवात बालचित्रपटाचा पुरस्कार लाभला. १९५५ मध्ये त्यांनी हान्स ख्रिश्चन अँडरसन यांच्या शिशाच्या शिपायाची कथा आणि दात पोखरणाऱ्या दोन खट्याळ जिवांची गोष्ट सांगणारा 'कारिउस ओग बाक्टुस' पडद्यावर आणला.

१९७० च्या सुमारास लेखक-व्यंगचित्रकार शेल आउक्रुस्ट यांच्या विक्षिप्त पात्रांवर दूरचित्रवाणीसाठी २५ मिनिटांचा कार्यक्रम करण्याचे काम सुरू झाले. दीड वर्षाच्या मेहनतीनंतर मात्र सुट्या प्रसंगांची ही गुंफण एकसंध होत नसल्याचे ध्यानात आले आणि काम थांबविण्यात आले. दुसरा कोणी तेथेच खचला असता. काप्रिनो यांनी तयार झालेल्या बाहुल्या आणि देखावे वाया जाऊ दिले नाहीत. आउक्रुस्ट यांच्यासह त्यांनी त्याच पात्रांभोवती पूर्ण लांबीची पटकथा रचली. आपल्या इंजिनाचा आराखडा चोरून जगज्जेता झालेल्या जुन्या सहायकाला मोटारशर्यतीत आव्हान देणारा खेड्यातील सायकल दुरुस्त करणारा कारागीर, हा तिचा गाभा. बियार्ने सान्देमोसे यांच्यासारखे जेमतेम पाच सहकारी साडेतीन वर्षे राबले आणि चित्रपट पूर्ण झाला. नॉर्वेच्या पिढ्यान्‌पिढ्या त्याच्यासोबत वाढल्या.

एवढ्या यशानंतरही काप्रिनो यांनी पुन्हा पूर्ण लांबीचा बाहुलीपट केला नाही. त्यांच्यातील संशोधक पुढे अनेक कॅमेऱ्यांनी टिपलेल्या भव्य पॅनोरमा दृश्यांकडे वळला. ८ फेब्रुवारी २००१ रोजी त्यांचे निधन झाले. सोडून दिलेल्या कामातील उपयोगाचे ते वेचून घेण्याची आणि उरलेल्याचा मोह न धरण्याची त्यांची वृत्तीच त्यांच्या सर्वश्रेष्ठ कलाकृतीला कारणीभूत ठरली.