पंक्तिप्रपंच न करणारा गव्हर्नर : आर्थर फिलिप

वार्षिक अंकात थोर पुरुषांची चरित्रे देण्याचा आपल्या संस्थेचा प्रघात आहे. त्यास अनुसरून या वेळी एका परदेशस्थ पुरुषाचे चरित्र वाचक बंधुभगिनींपुढे ठेवीत आहे. हा पुरुष आपल्या ज्ञातीचा नव्हे, आपल्या देशाचाही नव्हे. परंतु ज्यांना त्यांच्याच समाजाने कायमचे बाहेर लोटले, अशा शेकडो माणसांचा भार दैवयोगाने त्याच्या शिरावर येऊन पडला. अशा माणसांशी कसे वागावे, हा प्रश्न प्रत्येक समाजापुढे कधी ना कधी उभा राहतोच; म्हणून हे चरित्र आपणांसही उपयोगी पडावे.

आर्थर फिलिप यांचा जन्म ११ ऑक्टोबर १७३८ रोजी लंडन शहरी झाला. वडील जेकब फिलिप हे मूळचे जर्मनीतील फ्रँकफुर्टचे; भाषा शिकवून ते चरितार्थ चालवीत. घरची स्थिती बेताची असल्यामुळे ग्रिनिच येथील खलाशांच्या मुलांसाठी चालविलेल्या धर्मादाय शाळेत आर्थर यांचे शिक्षण झाले. १७५३ साली ते देवमाशांची शिकार करणाऱ्या जहाजावर उमेदवार म्हणून लागले आणि १७५५ साली आरमारात शिरले. पुढे काही वर्षे त्यांनी पोर्तुगालच्या आरमारातही चाकरी केली व ती भाषा आत्मसात केली. मधल्या काळात इंग्लंडात त्यांनी शेतीही पाहिली. १७८३ साली युरोप नावाच्या युद्धनौकेचे कप्तान म्हणून ते आपल्या मद्रास बंदरापर्यंत येऊन गेले होते. समुद्र, परभाषा आणि शेती या तिन्ही गोष्टींचा अनुभव त्यांना पुढे कामास आला.

त्या काळी इंग्लंडात चोरीसारख्या गुन्ह्यालाही फाशी होती. फाशी माफ झाली, तर गुन्हेगाराला जहाजात घालून समुद्रापार पाठवीत. १७१८ च्या कायद्यापासून असे सुमारे पन्नास हजार कैदी अमेरिकेतील वसाहतींत धाडले गेले. १७७५ साली अमेरिकनांनी स्वातंत्र्यासाठी शस्त्र उचलले आणि ती वाट बंद झाली. तुरुंग भरून वाहू लागले. तेव्हा थेम्स नदीत जुनी, मोडकी जहाजे नांगरून त्यांत कैदी कोंडण्यात आले. शेवटी १७८६ साली सरकारने ऑस्ट्रेलियाच्या पूर्व किनाऱ्यावरील बॉटनी बे हे ठिकाण निश्चित केले आणि नव्या वसाहतीचे गव्हर्नर म्हणून आर्थर फिलिप यांची नेमणूक केली.

कोणी दुसरा असता, तर मिळाला माल जहाजात भरून निघाला असता. फिलिप यांनी मात्र निघण्यापूर्वी कित्येक महिने सरकारदरबारी पत्रांचा मारा चालविला. कैद्यांना ताजे अन्न हवे, औषधे हवीत, कपडे हवेत, ही त्यांची मागणी होती. लेडी पेन्रिन या जहाजावर चढविलेल्या स्त्रियांच्या अंगावर धड वस्त्र नव्हते. ते पाहून, ही अवस्था कैद्यांची नसून त्यांना पाठविणाऱ्या अधिकाऱ्यांची लाज आहे, अशा आशयाचे कठोर शब्द त्यांनी वरिष्ठांस लिहिले. नव्या भूमीत गुलामगिरी असता कामा नये, हेही त्यांनी आधीच लिहून ठेविले होते.

१३ मे १७८७ रोजी अकरा जहाजांचा तांडा पोर्टस्मथहून निघाला. त्यांत दोन आरमारी नौका, सहा कैद्यांची जहाजे व तीन सामानाची जहाजे होती. साडेसातशेच्या आसपास कैदी होते. सैनिक, खलाशी व बायकामुले धरून एकूण सुमारे चौदाशे जीव होते. किनारा दृष्टीआड झाल्यावर आठवड्याभरातच, जे नीट वागतील त्यांच्या बेड्या काढण्याची आज्ञा फिलिप यांनी दिली. तेनेरीफ, रिओ द जानेरो व केप ऑफ गुड होप या तीन ठिकाणी तांडा थांबला. रिओ हे पोर्तुगीजांचे बंदर. तेथील अधिकाऱ्यांनी आपल्या जुन्या सहकाऱ्याचे स्वागत केले, आणि कैद्यांना ताजे मांस, भाजी व भरपूर संत्री मिळाली. आठ महिन्यांहून अधिक काळ प्रवास करून जानेवारी १७८८ मध्ये सर्व अकरा जहाजे सुखरूप पोहोचली. वाटेत मृत्यू पावलेल्यांची संख्या पन्नासाच्या आसपास होती. त्या काळच्या मानाने हे नवलच होते.

बॉटनी बे येथे गोडे पाणी व चांगली जमीन न आढळल्याने फिलिप यांनी उत्तरेस पोर्ट जॅक्सनच्या आत जागा शोधली आणि २६ जानेवारी १७८८ रोजी तेथे वस्ती वसविली. आजचे सिडनी शहर ते हेच. त्याच वर्षी जुलै महिन्यात तेथील न्यायालयात पहिला दिवाणी दावा उभा राहिला. हेन्री केबल व सुझॅना होम्स या कैदी दांपत्याचे सामान प्रवासात हरवले होते, म्हणून त्यांनी जहाजाच्या कप्तानावर फिर्याद केली. इंग्लंडात अशा कैद्यांस फिर्यादीचा हक्कच नव्हता. येथे मात्र दावा चालला आणि कप्तानाला पंधरा पौंड भरून द्यावे लागले.

खरी कसोटी पुढे आली. पेरलेले धान्य नीट उगवेना. अन्नसामग्री घेऊन निघालेले गार्डियन हे जहाज डिसेंबर १७८९ मध्ये हिमनगावर आदळले. मार्च १७९० मध्ये सिरियस ही नौका नॉरफोक बेटापाशी फुटली. वसाहतीवर उपासमारीची छाया पडली. एप्रिल १७९० मध्ये माणशी आठवड्यास अडीच पौंड पीठ, दोन पौंड तांदूळ व दोन पौंड खारविलेले मांस एवढाच शिधा उरला. हा शिधा गव्हर्नरपासून कैद्यापर्यंत सर्वांना सारखाच. आपल्याकडे एकाच पंगतीत कोणाला तूप व कोणाला ताक वाढण्यास पंक्तिप्रपंच म्हणतात. तो फिलिप यांनी होऊ दिला नाही. आपल्या खासगी साठ्यातील पीठही त्यांनी सरकारी कोठारात जमा केले. कैद्याच्या बरोबरीने शिधा घेणे सैनिकांच्या अधिकाऱ्यांना अपमानाचे वाटे. मेजर रॉस यांनी तर यावरून उघड वैर धरले. परंतु फिलिप ढळले नाहीत. न्यायही त्यांनी सारखाच ठेविला. अन्न चोरणारा कैदी फासावर गेला, तसेच मार्च १७८९ मध्ये कोठार फोडणारे सहा सैनिकही गेले. शिक्षा क्रूरच, पण ती माणूस पाहून बदलली नाही.

जून १७९० मध्ये कैद्यांचा दुसरा तांडा आला, आणि फिलिप यांनी काय साधले होते ते जगाला दिसले. या खेपेचा मक्ता गुलामांचा व्यापार करणाऱ्या एका पेढीकडे होता. तिला माणशी सतरा पौंडांहून अधिक रक्कम मिळणार होती, पण ती कैदी जहाजावर चढला की. तो जिवंत उतरला की नाही, याचा हिशेब करारात नव्हता. मेलेल्याचा शिधा वाचे, तो मक्तेदाराच्या पदरात पडे. या तांड्याच्या तीन जहाजांवरील सुमारे एक हजार कैद्यांपैकी २६७ वाटेतच मेले. शेकडो जण उचलूनच किनाऱ्यावर आणावे लागले. फिलिप यांनी लंडनला तीव्र निषेध कळविला. पुढील काळात मक्त्याच्या रकमेचा काही भाग कैदी धडधाकट उतरल्यावरच देण्याची रीत आली. मात्र प्रत्येक जहाजावर आरमारी वैद्य नेमला जाण्यास आणखी पंचवीस वर्षे लागली, आणि त्यासाठी १८१४ साली अहवाल लिहिला तो विल्यम रेडफर्न या पूर्वी कैदी म्हणूनच आलेल्या वैद्याने.

हिंदुस्थानाचाही या कथेशी संबंध येतो. अन्नाची तूट भरून काढण्यासाठी फिलिप यांनी अटलांटिक हे जहाज कलकत्त्यास पाठविले. जून १७९२ मध्ये ते तांदूळ, रवा व डाळ घेऊन परतले, आणि इंग्लंडच्या कैद्यांनी बंगालचे धान्य खाल्ले.

चरित्र लिहिताना दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. जी भूमी इंग्रजांनी आपली म्हटली, ती तेथील मूळ रहिवाशांची होती. त्यांच्याशी स्नेहाने वागण्याची फिलिप यांना आज्ञा होती व इच्छाही होती; तरी त्यांची भाषा कळावी म्हणून त्यांनी आराबानू व बेनेलाँग यांस बळाने पकडून आणविले. १७८९ साली देवीची साथ येऊन सिडनीजवळचे निम्मे मूळ लोक दगावले, असा खुद्द फिलिप यांचाच अंदाज होता. १७९० च्या सप्टेंबरात फिलिप यांच्या खांद्यात भाला घुसला, तेव्हा त्यांनी सूड घेऊ दिला नाही. परंतु डिसेंबरात त्यांचा शिकारी घायाळ होताच, सहा जणांना पकडावे वा मारावे, असा हुकूम त्यांनीच दिला. कोणी हाती लागले नाही, ही त्यांच्या लौकिकाची सुदैवाची गोष्ट. ज्याने कैद्याला पंगतीत घेतले, त्याला घराचा मूळ धनी मात्र पंगतीत बसविता आला नाही.

प्रकृती ढासळल्याने डिसेंबर १७९२ मध्ये ते अटलांटिक जहाजानेच स्वदेशी निघाले. ३१ ऑगस्ट १८१४ रोजी बाथ येथे त्यांचे निधन झाले. अपत्य नव्हते. कैद्यांची वाहतूक पुढे चालूच राहिली. १८६८ च्या जानेवारीत शेवटचे जहाज पश्चिम ऑस्ट्रेलियात लागले, तोवर ऐंशी वर्षांत सुमारे एक लक्ष बासष्ट हजार कैदी तेथे गेले होते.

हीच पद्धत इंग्रजांनी आपल्याकडे आणली. मार्च १८५८ मध्ये पहिले दोनशे कैदी अंदमानात उतरविले; १९११ साली स्वातंत्र्यवीर सावरकर महाराजा जहाजातून तेथे नेले गेले. आपल्या लोकांना काळ्या पाण्याची धास्ती दुहेरी होती. सरकार देश सोडवी, आणि समुद्र ओलांडला व जहाजावरचे अन्न पोटात गेले म्हणून ज्ञाती पंगत सोडवी. समुद्रापार पाठविण्याची शिक्षा १९५५ च्या कायद्याने आपल्या दंडसंहितेतून गेली. पंगत सोडविण्याची शिक्षा मात्र कोणत्याही कायद्याच्या पुस्तकात नसल्याने ती मनातून जाण्यास वेळ लागतो. शिक्षा भोगून परतलेल्याच्या घरी सोयरिकीची गोष्ट निघत नाही, कार्याचे बोलावणे जात नाही, हे आपण सर्वजण जाणतो. शिक्षा न्यायालयाने दिली, ती संपली. तिच्यात भर घालण्याचा अधिकार आपणांस कोणी दिला? फिलिप यांनी जेम्स रूस नावाच्या मुदत संपलेल्या कैद्याला पॅरामॅटा येथे जमीन व बियाणे दिले, आणि दोन वर्षांच्या आत तो आपल्या हातच्या पिकावर पोट भरू लागला. एवढे औदार्य आपल्या ज्ञातीला जड नाही.